सुपुर्तनाम्यावरची गाडी

सोमवार, अक्षय्य तृतीयेचा आदला दिवस, सकाळ. हजर: बाबा, आई, सणासाठी काटोलकडून आलेली शांताआत्या, आमचा ड्रायव्हर किसनाभाऊ आणि मी. गैरहजर: गाडी.

अशी हजेरी मांडल्याशिवाय मला कुठलंच काम सुरू करता येत नाही. हिंगण्याच्या एका कारखान्यात मी डिस्पॅच बघते. कोणती गाडी आली, कोणती यायची आहे, कोणता माल कोणाच्या ताब्यात आहे, हे आधी; चहा नंतर. ऑफिसातली नवी पोरं त्यावर हसतात, हसू द्या. पण ती सवय मला नोकरीने लावली नाही. ती त्या सोमवारी लागली, कारण त्या दिवशी आमच्या घरात पाच माणसं बोलत होती आणि जिच्याबद्दल बोलत होती ती तिथे नव्हती.

कळमन्याच्या बाजाराकडे जाणाऱ्या रस्त्यावर आमचं घर, आणि घराशेजारी कडुनिंबाखाली मोकळी जागा. ती गाडीची. घरातल्या प्रत्येकाची बसायची जागा ठरलेली असते तशी. हिरव्या रंगाचा जुना ट्रक, फळ्यांवर पानांसकट संत्री रंगवलेली आणि केबिनवरच्या पुढच्या पट्टीवर, ज्याला आम्ही गाडीचं कपाळ म्हणायचो, पिवळ्या अक्षरांत लाल सावली देऊन लिहिलेलं ‘विमल’. विमल म्हणजे माझी आई. संध्याकाळी गाडी मागे घेताना तिचा रिव्हर्सचा हॉर्न घोगऱ्या आवाजात एक सूर वाजवायचा, आणि तो ऐकला की आई न बघता तव्यावर भाकरी टाकायची. दिवसभर कूलरची घरघर, बाजारातून येणारे लिलावाचे आवाज, हरभऱ्याची धूळ, मिरचीचा ठसका. त्या सगळ्यातून तिला तेवढाच एक आवाज वेगळा ऐकू यायचा.

त्या सकाळी किसनाभाऊ रिक्षाने आला. ड्रायव्हर रिक्षाने आला म्हटल्यावर आईने हातातलं चिंच-गुळाचं भांडं खाली ठेवलं. सणाला आमच्याकडे चिंचवणी लागते, तीच ढवळणं चाललं होतं.

“गाडी कुठं हाय?” बाबांनी विचारलं.

“ठाण्यात.”

“अन् तू इथं कसा?”

“मले जमानतीवर सोडलं. गाडीले नाही सोडलं.”

“म्हणजे मानसापेक्षा गाडीचा गुन्हा मोठा निघाला,” आत्या म्हणाली. ती बाबांची थोरली बहीण. सुपारी कातरत भिंतीला टेकून बसली होती आणि तिने मान वर केली नव्हती. “काय भरलं होतं गा?”

किसनाभाऊने बाबांकडे पाहिलं. बाबांनी निंबाकडे पाहिलं.

“रेती,” किसनाभाऊ म्हणाला. “कन्हानची. मी तं इचारलं होतं आत्याबाई, रॉयल्टी पास हाय का म्हणून. थे लोक म्हणे, साहेबाच्या गाडीत हाय, मांगून येऊन राहिली.”

“मंग? मांगून कोन आलं?”

“पोलीस.”

इथे एक गोष्ट स्पष्ट लिहून ठेवते. रेती नेण्याचा सरकारी पास नव्हता. गेली कित्येक वर्षं आमच्या घरात ही गोष्ट सांगितली जाते आणि प्रत्येक वेळी तो पास थोडा थोडा उगवतो. एका चुलत्याच्या सांगण्यात तो होता पण वेळ संपली होती. एका मामेभावाच्या सांगण्यात तो वाऱ्याने उडाला. तो नव्हता. संत्र्याचा हंगाम सरला होता, गाडी रिकामी उभी राहायची, आणि बाबांनी कोणाच्या तरी बांधकामासाठी रेतीचं भाडं घेतलं. नदीतून चोरून काढलेली रेती आहे हे त्यांना कळत होतं. आमच्या नळाला पाणी त्याच कन्हानचं येत होतं, हे मात्र तेव्हा आमच्यापैकी कोणाच्याच डोक्यात आलं नाही. आज उन्हाळ्यात नळ गुरगुरतो आणि थेंब पडत नाही, तेव्हा ते माझ्या डोक्यात येतं.

सण झाला. म्हणजे घागर पुजली, पूर्वजांना पान वाढलं, कुरड्या तळल्या. पण दरवर्षी गाडीला हार घालून नारळ फोडायचो तो नारळ देवापाशी तसाच राहिला. दुसऱ्या दिवशी मी बाबांबरोबर ठाण्यावर गेले. मी तेव्हा कॉमर्स कॉलेजात होते आणि घरात कागद वाचायचं काम माझ्याकडे होतं.

ठाण्यामागच्या आवारात पकडलेल्या गाड्यांची रांग होती. टिप्पर, ट्रॅक्टर, दोन-तीन ट्रॉल्या. आमची गाडी शेवटून दुसरी, रेतीसकट. तिच्या शेजारचा टिप्पर कधीपासून तिथे होता कोण जाणे. त्याची चाकं जमिनीत बसली होती, बॅटरीच्या जागी नुसत्या तारा लोंबत होत्या, आणि हौद्यातल्या रेतीत गवत उगवून वाळून गेलं होतं. सीटवर कुत्री व्याली होती. बाबा आमच्या गाडीजवळ गेले नाहीत. ते त्या टिप्परपाशी उभे राहिले. मग मला म्हणाले, “वंदे, हिचं असं होऊ द्याचं नाही.”

मी म्हटलं, “नाही होणार.” कशाच्या जोरावर म्हटलं ते माहीत नाही, पण म्हटलं आणि त्याच संध्याकाळी कामाला लागले.

महाल या जुन्या वस्तीत एका भांड्यांच्या दुकानावर एका वकील मॅडमचं ऑफिस होतं. जिना इतका अरुंद की समोरून कोणी आलं तर एकाने उलटं उतरावं लागे. खालून पितळी भांड्यांवर नाव कोरायची टकटक सतत वर यायची, आणि मॅडम त्या टकटकीवरून आवाज चढवून बोलायच्या. त्यामुळे साधं वाक्यही निकालासारखं वाटायचं.

“तहसीलचा दंड वेगळा. तो आधी भरा आणि पावती आणा,” त्या म्हणाल्या. “इथे फौजदारी केस आहे. ती चालेल तेव्हा चालेल. तोपर्यंत गाडी ठाण्यात सडण्यापेक्षा तुमच्याकडे द्या, असा अर्ज करायचा. सुपुर्तनामा म्हणतात त्याला. पण एक समजून घ्या. गाडी सुटत नाही. गाडी सांभाळायला मिळते. निकाल लागेपर्यंत ती कोर्टाची, आणि तुम्ही राखणदार.”

“माहीच गाडी,” बाबा म्हणाले, “अन् मीच राखणदार?”

“हो. आणि पगार नाही.”

मग त्यांनी अटी सांगितल्या. विकायची नाही. गहाण टाकायची नाही. रंग, रूप, रचना बदलायची नाही. पुन्हा रेतीला लावायची नाही. कोर्ट बोलावेल तेव्हा आहे तशी आणून उभी करायची. आणि एक जामीनदार, स्वतःच्या नावावर जमीन असलेला. अट मोडली तर गाडी परत जमा आणि वसुली जामीनदाराच्या मालमत्तेवर. मी सगळं क्रमाने लिहून घेतलं. बाबा मान हलवत होते. मान हलवणं आणि ऐकणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे मी डिस्पॅचमध्ये आल्यावर नीट शिकले. तेव्हा मला मान पुरेशी वाटली.

जामीनदार शोधायला बाबा नात्यात फिरले. सगळ्यांनी बसवलं, पाणी दिलं, सांबारवडी खाऊ घातली, आणि जमिनीचा विषय निघाला की कोणाचा सातबारा भावाकडे, कोणाचा बँकेत. बाबा घरी आले आणि जेवायला बसले तेव्हा आत्या ताटाशी येऊन उभी राहिली. ती सणाला दोन दिवसांसाठी आली होती, पण परत गेली नव्हती.

“कागद कोनता लागते थे सांग.”

“बाई, तू नको पडू यात,” बाबा म्हणाले. “तुहा बगीचा हाय.”

“माहाच हाय म्हणून तं म्हणून राहिली. दुसऱ्याचा कसा देऊ?”

नवऱ्याच्या मागे आत्याने तो संत्र्याचा बगीचा एकटीने उभा ठेवला होता. दीर दोनदा वाटणी मागायला आले, दोनदा चहा पिऊन गेले. त्या झाडांशिवाय तिला दुसरा आधार नव्हता, आणि तो ती आमच्या गाडीमागे लावत होती.

कोर्टाच्या दिवशी आम्ही उन्हं चढायच्या आत पोचलो. गेटबाहेरच्या गाडीवर आत्याने तर्री पोहे मागवले आणि चमचाभर खाऊन म्हणाली, “तर्री पानी हाय नुसतं. कोर्टाजवळचं खाणंबी कोर्टासारखंच, नाव मोठं.” आतमध्ये मात्र तिने पदर नीट केला आणि न्यायाधीश साहेबांनी विचारलं, “बाई, अटी मोडल्या तर तुमच्या जमिनीवर येईल, कळतं ना?” तेव्हा ती शांतपणे म्हणाली, “भाऊ हाय साहेब. मोडणार नाही.” मी तिच्या शेजारीच उभी होते. तिने सही केली ती पेन दाबून, कागद फाटेल अशी.

मॅडमनी आधीच फोटोवाल्याकडून गाडीचे चारही बाजूंनी फोटो काढून घेतले होते. एक संच कोर्टात, एक माझ्याकडे. रेती पंचनामा करून उतरवून घेतली गेली. गाडी पुढे कधी आणायची याची तारीख पडली, आणि एका दुपारी किसनाभाऊने ती कडुनिंबाखाली मागे घेतली. हॉर्नने तोच घोगरा सूर वाजवला. आईच्या हातात तेव्हा कणीक होती. तिने ती ताटात ठेवली, बाहेर गेली, आणि बोनेटवर हात टेकून उभी राहिली. तापलेल्या पत्र्यावर तिच्या पिठाचा पंजा उमटला. आत्या त्याच संध्याकाळच्या बसने गावी गेली.

इथे ही गोष्ट संपायला हरकत नव्हती.

पण बाबांच्या उस्तादाने त्यांना एक रीत शिकवली होती. अपघातातून किंवा ठाण्यातून आलेली गाडी, तिच्या कपाळावरचं नाव नव्याने रंगवल्याशिवाय भाड्याला काढायची नाही. गाडीने झालेलं विसरलं पाहिजे, असं तो म्हणायचा. बाबा त्याच्या हाताखाली क्लीनर होते तेव्हापासून त्यांनी ही रीत कधी मोडली नव्हती. त्यामुळे कॉलेजातून मी परत आले तेव्हा कळमना रस्त्यावरचा मधू पेंटर केबिनसमोर चढायच्या लाकडी घोड्यावर उभा होता, ‘विमल’ पार खरवडून टाकलं होतं, त्यावर हिरवा हात मारून वाळला होता, खडूने नव्या अक्षरांच्या रेषा आखल्या होत्या, आणि पहिलं अक्षर पिवळ्या रंगात पूर्ण झालं होतं. ‘शां’. पुढे खडूत ‘ताबाई’.

“बाबा, हे काय?”

“काय म्हणजे? नाव.”

“कोर्टाने काय सांगितलं होतं?”

“रंगरूप बदलवू नका म्हणे. मी कुठं बदलवून राहिलो? हिरव्यावर हिरवाच मारला. पोरीले न्हाऊ घालून नवं लुगडं नेसवलं, तं पोरगी बदलते का?”

“लुगडं नाही बाबा, तुम्ही नाव बदललं. फोटोत विमल आहे. सोमवारी गाडी कोर्टासमोर न्यायची आहे. ही गाडी ती नाहीच असं कोणी म्हटलं तर जमानत कोणाची आहे?”

बाबांनी कपाळाकडे पाहिलं. “तिचीच,” ते म्हणाले. आणि मग एकदम खाली बसले, मधूच्या रंगाच्या डब्यांशेजारी. “म्हणून तं तिचं नाव लिवून राहिलो होतो.”

जिच्या उपकारासाठी ते नाव लिहीत होते, तिचाच बगीचा त्या नावाने धोक्यात आला होता. मला रागवायचं होतं, पण मला ते जमलं नाही. आई दारातून सगळं ऐकत होती. ती म्हणाली, “माह्या नावानं गाडी ठाण्यात गेली. बाईंच्या नावानं नीट चालली असती तं मले काही म्हणणं नव्हतं. पण खरवडताना मले एकदा सांगाचं तं होतं.”

मधू पेंटर घोड्यावरून उतरला. मी घरातून फोटो आणले. पुढच्या फोटोत ‘विमल’ जुनं, उन्हाने विटलेलं, ‘म’चा दांडा अर्धा उडालेला. मधूने फोटो डोळ्यांजवळ धरला. “बनवून देतो ताई. जसंच्या तसं. वरून डिझेलमध्ये काजळी कालवून फिरवतो, दहा वर्षांचं जुनं दिसेल. तुमच्या बापालेबी ओळखू नाही येणार.”

बाबांचा चेहरा उजळला. “हाव, तसंच कर.”

“नाही,” मी म्हटलं. “नाव परत तेच लिहा, फोटोप्रमाणे. पण काजळी नको. ताजं दिसू दे.”

“काहून?” बाबा म्हणाले. “कोनाले समजणार हाय?”

“कोणाला समजो न समजो. आज नावाचं लपवलं तर उद्या त्या काजळीचं लपवावं लागेल. जमादार येईल, पंच येतील, प्रत्येकासमोर आपण पाचही जणांनी तेच सांगायचं. किसनाभाऊ एक वाक्य दोनदा सारखं बोलतो का?” टायरपाशी बसलेल्या किसनाभाऊने नाही म्हणून मान हलवली. “अर्ज केला तर एकच कागद. जे झालं ते लिहायचं. संपलं.”

आज कोणी मला विचारलं की तू इतकी ठाम कधी झालीस, तर मी ही दुपार सांगेन. बाबा मधूकडे वळून म्हणाले, “पोट्टी म्हणते तसं कर.”

आत्याला मीच फोन केला. तिने सगळं ऐकून घेतलं.

“तुह्या बापाले म्हण, वामन्याले,” ती म्हणाली, “सहा महिन्यांतून एकदा येतो, पातोड्या खातो अन् जातो. तवा माही आठवण नाही येत. अन् आता बरोब्बर कोर्टानं नको म्हटलं तवा आली.” आणि मग, जरा खाली उतरलेल्या आवाजात, “कोनत्या रंगात लिवून राहिला होता वं?”

“पिवळा. लाल सावलीचा.”

“हं,” ती म्हणाली. “येतो मी सोमवारी.”

मॅडमनी आम्हाला जिन्यातच झापलं. मग वर नेऊन अर्ज लिहून दिला: मालकाने चुकीने नाव बदलायला घेतलं होतं, लक्षात येताच पूर्वीप्रमाणे लिहिलं, रंग ताजा दिसतो तो त्यामुळे, इंजिन आणि चेसिसचा नंबर तपासून घ्यावा. “सरकारी वकील गाडी परत जमा करा म्हणणार, तयारी ठेवा,” त्या म्हणाल्या. ते तसंच म्हणाले. अटीचा भंग झाला आहे, सुपुर्तनामा रद्द करावा. आत्या मागच्या बाकावर बसली होती, मांडीवर पिशवी, पिशवीत सातबाऱ्याची नक्कल. तिचे हात त्या पिशवीवर इतके घट्ट होते की मी तिकडे बघणं टाळलं.

गाडी बाहेर उभी होती. नंबर तपासून जमादार आत आला, बरोबर आहे म्हणाला. साहेबांनी फोटो पाहिला, अर्ज वाचला, आणि चष्म्यावरून बाबांकडे पाहिलं.

“नाव का बदलत होतात?”

मॅडम उत्तर द्यायला उठल्या. साहेबांनी हाताने थांबवलं. “त्यांना बोलू द्या.”

“साहेब,” बाबा म्हणाले, “माह्या बहिनीनं जमानत देली. बाकी कोनी नाही देली. तिचं नाव गाडीवर लिवाचं होतं.”

“कुठे आहेत त्या?”

आत्या उभी राहिली.

“तुम्हाला माहीत होतं?”

“मले माहीत असतं तं मी लिवू देलं असतं का, साहेब?” आत्या म्हणाली. “चार अक्षरांपायी कोनी बगीचा घालवते का?”

कोर्टात कोणीतरी हसलं. साहेब हसले नाहीत. त्यांनी बराच वेळ लिहिलं. मग वाचून दाखवलं: समज देण्यात येते, सुपुर्तनामा कायम, पुन्हा असं झालं तर गाडी जमा. आणि फाइल बाजूला सरकवत, लिहिलेलं नसलेलं एक वाक्य ते बोलले. “केस संपल्यावर लिहा.”

बाहेर येऊन आत्या आधी पाणी प्यायली. मग गाडीसमोर जाऊन ते ताजं ‘विमल’ वाचलं, आणि आमच्याबरोबर आलेल्या आईकडे वळून म्हणाली, “चाल वं इमल. तूच बस अजून काही दिवस.”

ते काही दिवस अजून चालू आहेत. केस एका कोर्टातून दुसऱ्यात गेली, पंच सापडले नाहीत, किसनाभाऊ गेला, मग बाबा गेले. गाडीने नंतर बरीच वर्षं कळमन्याला गहू आणि संत्री ओढली, रेती पुन्हा कधीच नाही. बाबांच्या मागे राखणदारीचा कागद मी माझ्या नावावर करून घेतला. गाडी आता चालत नाही. तिचं वय झालं, रस्त्यावर न्यायची परवानगी नाही, आणि भंगारात काढायची तर कोर्टाची परवानगी लागते. ती कडुनिंबाखाली उभी आहे. चाकांखाली मी विटा लावल्या आहेत, बॅटरी काढून आत ठेवली आहे, सीटवर ताडपत्री आहे. त्या टिप्परसारखं तिचं होऊ दिलेलं नाही.

मात्र ऊन माझं ऐकत नाही. गेल्या उन्हाळ्यात कपाळावरचं ‘विमल’ पापुद्र्यांनी सुटायला लागलं, आणि त्याच्या खालच्या हिरव्यातून पिवळं ‘शां’ वर आलं. लाल सावलीसकट, मधूने त्या दुपारी सोडलं होतं तसं. मी फोटो काढून आत्याला पाठवला. ती ऐंशीच्या पुढे आहे, बगीचा अजून तिच्याच नावावर आहे, आणि नातवाच्या फोनवर तिने तो बराच मोठा करून पाहिला म्हणे.

“माही तीन अक्षरं बाकी हाय वं वंदे,” ती म्हणाली. “मी काही कोर्टासारखी थांबणार नाही.”

केस लवकर निकाली काढावी म्हणून आता माझा अर्ज तयार आहे. मॅडमच्या मुलीने तो लिहून दिला, मी चारदा वाचला, सही केली. मंगळवारी दाखल करायचा आहे, सकाळी पहिल्या कामात. मधू पेंटरचा हात आता थरथरतो, पण तीन अक्षरं मीच लिहीन म्हणून त्याने बजावून ठेवलं आहे. पिवळ्या रंगाचा डबा मी आणून ठेवला आहे, गाडीच्या केबिनमध्ये, ताडपत्रीखाली. अजून फोडलेला नाही.